दार्जिलिंगच्या वाफेच्या गाडीचं चित्रीकरण : आधी शेड, मग डोंगर

आमचे आण्णा बार्शी लाईट रेल्वेवर फायरमन होते, म्हणजे इंजिनाच्या भट्टीत कोळसा टाकणारे. एव्हरार्ड कॅलथ्रॉप यांनी 1897 मध्ये सुरू केलेली ती अडीच फुटी रुळांची गाडी. आता त्या मार्गावर ब्रॉडगेज धावते. आण्णा ड्यूटीवरून घरी आले की त्यांच्या सदऱ्याला कोळसा, तेल आणि घाम यांचा मिळून एक वास यायचा आणि आई तो सदरा वेगळ्या बादलीत भिजवायची. मी बावीस वर्षं लग्नांचं व्हिडिओ शूटिंग केलं. हजारो लोकांनी एकमेकांना हार घालताना टिपले. पण माझे वडील फावडं कसं धरायचे, याचा पाच सेकंदांचाही तुकडा माझ्याकडे नाही.

आण्णा गेल्यावर मी दार्जिलिंगला जायला लागलो. आजवर चार वेळा गेलोय. तिथे दोन फुटी रुळांवर वाफेची इंजिनं अजून रोज काम करतात. माणसं त्यांत रोज कोळसा टाकतात, तेल घालतात, राख उपसतात. वाफेच्या गाडीवर माहितीपट करायचा असेल, किंवा नुसतं नीट चित्रीकरण करून ठेवायचं असेल, तर मला जे जमलं आणि जे उशिरा कळलं ते इथे लिहितोय.

पहिल्या फेरीत मी तीन दिवसांत जवळजवळ सहा तासांचं फुटेज घेऊन आलो. घरी बघायला बसलो तर गाडी येतेय, धूर येतोय, गाडी जातेय, एवढंच. धुक्यातलं वळण होतं, चहाचे मळे होते. इंजिनावरच्या एकाही माणसाचे हात नव्हते. म्हणजे आण्णांच्या बाबतीत जे झालं तेच मी पुन्हा करून आलो होतो. म्हणून पहिली गोष्ट हीच सांगतो: इंजिन उद्या चौथऱ्यावर उभं करता येतं, रंग देऊन शंभर वर्षं ठेवता येतं. ते चालवायची हातोटी चौथऱ्यावर उभी करता येत नाही. कॅमेरा आधी तिच्याकडे वळवा.

दार्जिलिंगची इंजिनं ‘बी’ वर्गाची. आराखडा ग्लासगोच्या शार्प स्टुअर्ट कंपनीचा, 1889 चा. चार चाकं, पाण्याची टाकी बॉयलरवर खोगिरासारखी बसवलेली. एवढ्याशा इंजिनावर माणसं मात्र पाच लागतात. ड्रायव्हर, फायरमन, कोळशाच्या साठ्यावर बसून ढेकळं फोडणारा एक, आणि पुढच्या बफरच्या पट्टीवर बसून रुळांवर हाताने वाळू टाकणारे दोघं. या पाचांचं काम एकमेकांत कसं गुंतलंय हे आधी समजून घ्या. त्यासाठी पहिला दिवस कॅमेरा न काढता घालवा. हे सगळ्यांना अवघड जातं, मलाही गेलं. पण शेडमध्ये दिवसभर नुसतं बसलेल्या माणसाला दुसऱ्या दिवशी कोणी परका समजत नाही. तिथली बोली नेपाळी. वयाने मोठ्या माणसाला ‘दाजू’ म्हणायचं, म्हणजे दादा. ड्रायव्हरला ‘दाजू’ म्हटलं आणि वडील फायरमन होते असं सांगितलं, तेव्हा त्याने मला स्वतःच्या डब्यातला मोमो दिला.

परवानगीचं आधीच उरकून घ्या. ही रेल्वे ईशान्य सीमा रेल्वेकडे येते. व्यावसायिक चित्रीकरण असेल तर लेखी परवानगी लागते आणि तिला वेळ लागतो. निघायच्या दोन-तीन महिने आधी अर्ज करा. स्वतःपुरतं चित्रीकरण करत असलात तरी शेडच्या आत पाऊल टाकायला तिथल्या प्रमुखाला विचारायचंच. ड्रोनचं म्हणाल तर, हा भाग नेपाळच्या सरहद्दीजवळ आहे. सरकारी नकाशात कुठे उडवता येतं ते पाहिल्याशिवाय बॅगेत भरू नका. मी कधीच नेलेला नाही. ड्रोन उडवला की त्याची भणभण सगळ्या आवाजावर पसरते, आणि आवाज गेला की वाफेच्या गाडीतलं अर्धं गेलं.

आता शेड. स्टेशनाजवळच आहे. पहाटे जा, उजाडायच्या आत. थंड पडलेल्या इंजिनात वाफ तयार व्हायला काही तास लागतात, आणि खरी गोष्ट त्या तासांत असते. आधीच्या दिवसाची राख काढतात, जाळीवरचा कोळसा पसरतात, विस्तव धरतो. सांध्यासांध्यांत तेल घालतात. प्रेशरच्या काट्यावर डोळा ठेवतात. पाण्याची पातळी दाखवणारी काचेची नळी वाफ सोडून साफ करतात, कारण ती तुंबली तर बॉयलरमध्ये पाणी किती हे खोटं दिसेल. वाळूच्या पेट्या भरतात. ही प्रत्येक क्रिया पहिल्यापासून शेवटपर्यंत, मध्ये कॅमेरा बंद न करता घ्या. दोन मिनिटं लागली तर दोन मिनिटं, अकरा लागली तर अकरा. लग्नाच्या शूटिंगची मला सवय होती तीन-तीन सेकंदांचे तुकडे घ्यायची, ती मोडायला एक अख्खी फेरी लागली. तुमच्या माहितीपटात त्यातले चारच सेकंद येतील, पण पन्नास वर्षांनी कोणाला हे काम शिकायचं असेल तर त्याला अकरा मिनिटं हवी असतील.

शेडमध्ये दिवे कमी, धूर जास्त. आपल्याकडची वीज 50 हर्ट्झची, त्यामुळे सेकंदाला 25 फ्रेम्स आणि एक-पन्नासांश सेकंदाचं शटर ठेवलंत की दिवे लपलपत नाहीत. एक्स्पोजर आणि व्हाइट बॅलन्स हाताने लावून कुलूपबंद करा. ऑटोवर ठेवलंत तर भट्टीचं दार उघडलं की सगळं चित्र काळं पडतं आणि मिटलं की पुन्हा उजळतं. लेन्स आत बदलू नका, कोळशाची पूड सेन्सरवर बसते. एकच झूम लेन्स लावून आत जा. थंडीत बॅटऱ्या झपाट्याने उतरतात, तेव्हा राखीव बॅटरी अंगाशी, आतल्या खिशात ठेवा. आणि साधा चष्मा लावा. माझ्या डोळ्यात ठिणगी गेली होती, तो दिवस वाया गेला.

भट्टीजवळ एक दृश्य असं आहे की ते घेतल्याशिवाय येऊ नका. सिलिंडरमधून, म्हणजे वाफ ज्यात दट्ट्या ढकलते त्या नळकांड्यातून, काम करून निघालेली वाफ धुराड्यातून जोरात वर जाते, आणि जाताना भट्टीतली हवा ओढून घेते. तोच आपण ऐकतो तो ‘झक्’. म्हणजे इंजिन जितकं कष्ट करतं तितका विस्तव जास्त फुलतो. चढावर, हळू वेगात, भट्टीचं दार किंचित उघडं असताना एक्स्पोजर कुलूपबंद करून चित्र घ्या. प्रत्येक ठोक्याबरोबर ज्वाळा श्वास घेतल्यासारखी आत-बाहेर होते. आण्णा सांगायचे की इंजिन जिवंत असतं. मला ते लहानपणी गोष्टीतलं वाटायचं. तो विस्तव पाहिल्यावर कळलं, ते डोळ्यांना दिसलेलंच सांगत होते. केबिनमध्ये जागा तसूभर, त्यामुळे हे चित्र चालकांच्या संमतीने आणि त्यांनी सांगितलेल्या जागेवर उभं राहूनच घ्यायचं. ते म्हणाले उतरा, की उतरायचं.

काळ्या धुराचा हट्ट धरू नका. कॅमेरेवाले ड्रायव्हरला खुणा करून धूर मागताना मी पाहिलेत. दाट काळा धूर म्हणजे कोळसा अर्धवट जळतोय. चांगल्या फायरमनच्या धुराड्यातून फिकट करडा धूर निघतो, आणि त्याला त्याचा अभिमान असतो. त्याच्याकडून काळा धूर मागणं म्हणजे त्याला वाईट काम करायला सांगणं. शिवाय तो धूर जातो कुठे? रुळांना खेटून घरं आहेत, दोऱ्यांवर धुणी वाळत असतात. पांढरं दाट हवं असेल तर थंडीत जा. नोव्हेंबर ते फेब्रुवारी हवा गार असते, वाफ लगेच थंड होऊन पांढरी दिसते, आणि सकाळी कांचनजंगा मोकळी मिळण्याची शक्यताही बरी. पावसाळ्यात दरडी कोसळतात. 2010 साली याच मार्गावरच्या पागलाझोऱ्याजवळ असा कडा गेला की खालून वर येणारी सलग गाडी काही वर्षं बंद होती.

पांढरी वाफ आणि गडद रंगाचं इंजिन एकाच चौकटीत येतं तेव्हा कॅमेरा गोंधळतो. वाफेच्या हिशोबाने एक्स्पोजर लावा. इंजिनाचा काळोख नंतर थोडा उजळता येतो, पांढऱ्यात एकदा तपशील गेला की परत येत नाही.

आता आवाज. इथे मी जास्त वेळ घेणार आहे, कारण बहुतेकांची फिल्म इथे पडते. कॅमेऱ्यावरचा माईक पुरत नाही. वेगळं रेकॉर्डर घ्या, त्याला केसाळ टोपी चढवा, कारण डोंगरावर वारा कधी थांबत नाही. रेकॉर्डरची पातळी शिट्टीवर लावा, इंजिनाच्या चालीवर नको. नेहमीचा आवाज उणे 12 डेसिबलच्या आसपास असेल तर शिट्टी वाजताच सगळं फाटतं. दोन ट्रॅकची सोय असेल तर दुसरा आणखी दहा डेसिबल खाली ठेवा. जास्तीची वाफ सोडणारा सेफ्टी व्हॉल्व्ह कधीही उघडतो आणि तो पूर्वसूचना देत नाही.

ऐकायचं काय, तेही ठरवून घ्या. या इंजिनाला दोन सिलिंडर, म्हणजे चाकाच्या एका फेऱ्यात चार ठोके. चाकाचा व्यास 26 इंच, तेव्हा साधारण अर्ध्या मीटरला एक ठोका पडतो. ताशी 10 किलोमीटरने गाडी चढत असेल तर सेकंदाला पाचाहून थोडे जास्त. ओल्या रुळांवर चाक घसरलं की हेच ठोके एकदम घाईघाईने, एकमेकांवर आदळत येतात. ड्रायव्हर रेग्युलेटर, म्हणजे सिलिंडरला जाणारी वाफ कमीजास्त करणारा दांडा, आवळतो, पुढचे दोघं वाळू टाकतात, चाक पुन्हा धरतं, ठोके पुन्हा सावकाश होतात. सगळं मिळून चार-पाच सेकंदांचा प्रकार. त्या वेळी कॅमेरा वाळू टाकणाऱ्याच्या मुठीवर असेल तर पाच माणसं का लागतात ते कोणाला शब्दांत सांगावं लागत नाही. मला ही मूठ तिसऱ्या फेरीत मिळाली, घूमच्या अलीकडे, बारीक पाऊस पडत असताना.

निघताना सिलिंडरच्या खालच्या तोट्या उघडतात, साचलेलं पाणी बाहेर टाकायला. दोन्ही बाजूंनी फुसफुसत गरम वाफ येते. तेव्हा इंजिनाच्या बाजूला जवळ उभं राहायचं नाही, ना माणसाने ना माईकने. इंजेक्टर चालू होतो तेव्हा बारीक गाणं म्हटल्यासारखा सूर लागतो. बॉयलरमध्ये पाणी जातंय त्याचा तो आवाज. हे सगळे आवाज वेगवेगळे, इंजिन उभं असताना जवळून घेऊन ठेवा.

दूरवरून चित्र घेतलंत की शिट्टीची वाफ आधी दिसते आणि आवाज मागून येतो. साडेतीनशे मीटरवर जवळजवळ एक सेकंदाचा फरक. संपादनात लोक तो जुळवून टाकतात. मी जुळवत नाही. डोंगर किती रुंद आहे ते त्या एका सेकंदातून कळतं.

डोंगरावर मात्र फार धावपळ करू नका. पर्यटकांची वाफेची गाडी दार्जिलिंगहून घूमला जाते आणि परत येते, मध्ये बतासियाला थांबते. घूम 2,258 मीटरवर, या रेल्वेचं सर्वांत उंच स्टेशन. म्हणजे जाताना चढ आणि येताना उतार. इंजिनाचं कष्टाचं काम आणि ठोके हवे असतील तर जातानाच. परतीला ब्रेकचा आवाज आणि माणसांचे मोकळे झालेले चेहरे मिळतात, तेही घ्या. इंजिनाचं तोंड कोणत्या बाजूला आहे ते आदल्या दिवशीच बघून ठेवा, म्हणजे कुठे उभं राहायचं ते ठरवता येतं.

रूळ आणि हिल कार्ट रोड जवळजवळ हातात हात घालून जातात, एकमेकांना पुन्हा पुन्हा छेदतात. त्यामुळे जीप करून गाडीचा पाठलाग करावासा वाटतो. एकदाच करा आणि तिथलाच ड्रायव्हर घ्या. धावत्या जीपमधून काढलेलं चित्र हलतं, आणि त्या रस्त्यावर शाळेची मुलं, हातगाड्या, बाकीची वाहनं सगळं असतं. त्यापेक्षा तीन जागा निवडा आणि एका दिवशी एकाच जागी थांबा. माझ्या जागा अशा: स्टेशनातून निघाल्यावरचा बाजार, जिथे गाडी दुकानांच्या उंबऱ्याला घासून गेल्यासारखी जाते, बतासियाचा वेढा, आणि घूमचा प्लॅटफॉर्म. बतासियाचा वेढा 1919 साली सुरू झाला. कमी जागेत उंची मिळवायला तिथे रूळ स्वतःवरूनच फिरून जातात. ट्रायपॉड एका ठिकाणी घट्ट लावा आणि गाडी आत आल्यापासून बाहेर पडेपर्यंत हात लावू नका. झूम नको, वळवणं नको. वेढा कसा चालतो ते गाडीच दाखवते. बाजारातही तसंच. गाडी येण्याआधीची दोन मिनिटं आणि गेल्यानंतरची दोन मिनिटं चालू ठेवा. भाजीवाली टोपली मागे ओढते, गाडी जाते, टोपली पुन्हा पुढे येते. रेल्वे तिथल्या माणसांची आहे हे त्या टोपलीतून दिसतं. 1999 मध्ये युनेस्कोने या रेल्वेला जागतिक वारसा म्हटलं. माझ्या मते तो वारसा अशा टोपल्यांचाही आहे.

निलगिरीला जाणार असाल तर हिशोब बदलतो, थोडक्यात सांगतो. तिथे मीटरगेज, मेट्टुपालयम ते उदगमंडलम (ऊटी) 46 किलोमीटर, आणि कल्लार ते कुन्नूर दातेरी रूळ, म्हणजे इंजिनाचं दातेरी चाक ज्यात अडकून चढतं ते. चढावर इंजिन मागून ढकलतं, तेव्हा गाडीच्या पुढच्या टोकाला धूर नसतो. तिथे बसलात तर डब्याच्या गॅलरीवर उभा झेंडीवाला ब्रेकमन मिळतो, त्याचं काम नीट घ्या. दातेरी भागात आणखी दोन सिलिंडर कामाला लागतात आणि चाल ऐकूनच फरक कळतो. कल्लारला रेकॉर्डर चालूच ठेवा. या घाटात रस्ता रुळांच्या सोबत फारसा नसतो, त्यामुळे जे घ्यायचं ते गाडीतूनच.

मुलाखती. ‘तुम्हाला कसं वाटतं?’ हा प्रश्न विचारू नका. त्याला सगळे ‘छान वाटतं’ असंच म्हणतात. ‘हे तुम्हाला कसं कळतं?’ असं विचारा. कोळसा आता टाकायचा हे कसं कळतं? वाळू किती टाकायची? चाक घसरणार हे आधी कळतं का? मग माणूस बोलता बोलता हात हलवायला लागतो, तेव्हा कॅमेरा चेहऱ्यावरून हातांवर आणा. एका निवृत्त फायरमनने मला रिकाम्या अंगणात, हातात काहीही नसताना, कोळसा टाकून दाखवला. कमरेतून वळणं, मनगटाचा झटका, मागच्या कोपऱ्यात एक, डावीकडे एक, उजवीकडे एक. आण्णा घरात पाण्याची घागर उचलताना अगदी तसंच वळायचे. मी कॅमेऱ्याच्या मागे उभा होतो, म्हणून बरं झालं. माणसांची नावं लिहून घ्या, पण चित्रफितीत किंवा इंटरनेटवर द्यायची का ते त्यांना विचारूनच.

प्रत्येक क्लिप सुरू झाली की स्वतःच्या आवाजात तारीख, जागा, इंजिनाचा क्रमांक आणि गाडीची दिशा बोला. क्रमांक महत्त्वाचा, कारण एकाच वर्गाची असली तरी दोन इंजिनं सारखी नसतात. फाइलचं नावही त्याच क्रमाने. त्याच रात्री, लॉजवर, दोन हार्ड डिस्कवर उतरवा, आणि घरी आल्यावर तिसरी प्रत दुसऱ्या कोणाच्या तरी घरी ठेवा. माझ्या दुसऱ्या फेरीतलं एक कार्ड प्रवासात खराब झालं आणि एका पहाटेचं सगळं काम गेलं. माहितीपट पूर्ण झाला की कच्चं चित्रीकरण पुसू नका. खरा दस्तऐवज तोच आहे, माहितीपट ही त्यातली एक वाट.

आणि चित्रीकरण ज्यांचं केलं त्यांना दाखवायला परत जा. चौथ्या फेरीत मी लॅपटॉप घेऊन शेडमध्ये बसलो. पाच-सहा जण भोवती उभे. फायरमन दाजू बराच वेळ काही बोलला नाही. मग त्याने थांबवायला सांगितलं, थोडं मागे घ्यायला लावलं आणि पडद्यावर बोट ठेवलं. इथे, म्हणाला, इंजेक्टर लावायला मला उशीर झालाय, ऐक. मी तीन वेळा ऐकलं तेव्हा मला तो फरक कळला. वहीत त्या क्लिपच्या नावापुढे मिनिट आणि सेकंद लिहिले, आणि त्याचं वाक्य जसंच्या तसं. मग त्याला विचारलं, पुढची लावू का.